काटेरी पाहुण्यांची सव्वादोनशे वर्षं

१७९५ साली कॅप्टन नील्सन नावाच्या अधिकाऱ्याने ब्राझीलहून कलकत्त्याला काही किडे आणले. कंपनी सरकारला लाल रंग हवा होता. निवडुंगावर पोसलेल्या कोचिनील किड्यापासून तो मिळे आणि त्या व्यापारावर मेक्सिकोच्या जोरावर स्पेनची मक्तेदारी होती. नील्सनचे किडे मात्र हलक्या जातीचे निघाले. रंगाचा धंदा बसला, पण या किड्यांनी उत्तर आणि मध्य भारतात माजलेल्या फड्या निवडुंगाच्या एका जातीचा फडशा पाडला. किडीकरवी तण आटोक्यात आणण्याचं जगातलं हे पहिलं ठळक उदाहरण, आणि तेही नकळत घडलेलं! पुढे १९२६ मध्ये दुसऱ्या जातीचा कोचिनील किडा श्रीलंकेहून मुद्दाम आणून दक्षिण भारतातल्या फड्यावर सोडला गेला. तोही डाव यशस्वी झाला.

मुळात फड्या एवढा माजला कसा? त्याला बीसुद्धा लागत नाही. काट्यांसकट एखादा फडा तुटून पडला की जमिनीला टेकलेल्या अंगाला मुळं फुटतात आणि नवं झाड उभं राहतं. कुंपणासाठी लावलेला निवडुंग बांध ओलांडून रानात शिरला तो असा. दुष्काळात त्याचे काटे जाळून फडे गुरांपुढे टाकले जात, एवढाच काय तो उपयोग.

निवडुंगाचं, म्हणजे कॅक्टसचं, हे कूळ अमेरिका खंडांतलं. आपला त्रिधारी आणि शेर हे त्याच्या नात्यातले नव्हेत. चीर दिल्यावर पांढरा चीक वाहिला, तर ते झाड बहुधा कॅक्टस नाही.

सिनेमातल्या वाळवंटात हात वर करून उभा असतो तो सग्वारो. त्याचा स्वभाव फड्याच्या अगदी उलट. १९०३ मध्ये अमेरिकेत ॲरिझोनातल्या टुसॉन शहराजवळ टुमामोक टेकडीवर वाळवंटी वनस्पतींची प्रयोगशाळा निघाली आणि पुढे तिथल्या सग्वारोंची मोजदाद सुरू झाली. एकाच टेकडीवरची झाडं पिढ्यान्‌पिढ्या मोजत राहणं हे काम कंटाळवाणं खरं, पण त्यातूनच या राक्षसाचं बालपण उलगडलं. पहिल्या आठ वर्षांत रोप जेमतेम तीन-चार सेंटिमीटर वाढतं. तेही पालोव्हर्देसारख्या एखाद्या झाडाच्या सावलीत; उघड्यावर पडलेलं बी सहसा जगत नाही. पहिला हात फुटायला पन्नास ते सत्तर वर्षं जातात. शतक ओलांडल्यावर उंची बारा मीटर किंवा त्याहून जास्त आणि वजन काही टन.

एवढ्या धुडाची मुळं खोल गेली असतील, असं कोणालाही वाटेल. तिथेच फसायला होतं. मधलं सोटमूळ दोन-तीन फुटांवर थांबतं. बाकी सारी मुळं जमिनीखाली वीतभरसुद्धा उतरत नाहीत. झाडाची उंची असेल जवळपास तेवढी ती चहूबाजूंनी पसरतात. वाळवंटात पाऊस वरचा थरच भिजवतो, म्हणून मुळांचाही मुक्काम तिथेच. कोरड्या दिवसांत बारीक तंतुमुळं वाळून जातात आणि पावसानंतर काही तासांत नवी फुटू लागतात. खोडाला लुगड्याच्या निऱ्यांसारख्या घड्या असतात; त्या पाणी भरलं की उलगडतात, संपलं की मिटतात.

विसाव्या शतकाच्या मध्यावर मोठे सग्वारो पटापट मरू लागले. जिवाणूंमुळे कुजतात, असं निदान झालं आणि सग्वारोंचं जंगल शतकाअखेरीस संपेल, असं भाकीतही झालं. खरा दोष निघाला कडाक्याच्या थंडीचा, आणि गुरचराई व लाकूडतोडीने नाहीशा झालेल्या सावलीचा. चराई थांबली, सावली परतली, रोपंही परतली.

नागपूरकरांनी मात्र २०२३ चा उन्हाळा लक्षात ठेवावा. ॲरिझोनातल्याच फिनिक्स शहरात सलग ३१ दिवस दुपारचा पारा ४३ अंशांच्या वर गेला आणि उभे सग्वारो कोसळले. कॅक्टस दिवसा पर्णरंध्रं मिटून घेतो आणि रात्री गारव्यात उघडून श्वास घेतो. रात्रच तापलेली राहिली तर त्याची कोंडी होते. नवतपात रात्रीही कूलर बंद न करणाऱ्या शहराला हे वेगळं सांगायला नको. त्यातून टुसॉनला वर्षाकाठी साधारण तीनशे मिलिमीटर पाऊस, तर नागपूरला हजाराहून अधिक, आणि खाली पाणी धरून ठेवणारी काळी माती. सग्वारोचं इथे जमणं अवघडच.

तरीही कॅक्टस इथे रुजलाच, पण दुसऱ्या वाटेने. सिमेंटच्या खांबावर चढणारा ड्रॅगन फ्रूट हाही कॅक्टसच. बारामतीजवळ माळेगावच्या राष्ट्रीय अजैविक ताण व्यवस्थापन संस्थेने मुरमाड जमिनीत त्याची लागवड करून पाहिली आहे. नर्सरीत मिळणाऱ्या लाल टोपीच्या छोट्या कॅक्टसकडे नीट पाहा. वरच्या लाल गोळ्यात हरितद्रव्यच नसल्याने तो एकटा जगू शकत नाही. खालचा तीन धारांचा हिरवा दांडा त्याला पोसतो, आणि तो बहुतेकदा ड्रॅगन फ्रूटचाच असतो.

तेव्हा घरी कॅक्टस असेल तर त्याला उथळ, भोक असलेली कुंडी आणि निम्मी रेती द्या. जूनपासून कुंडी छपराखाली घ्या. बुंधा बोटाला मऊ लागला, तर मुळं आधीच कुजलेली असतात. वरचा टणक भाग कापून, आठवडाभर सुकवून पुन्हा कोरड्या रेतीत लावा.