सिलायचा ऊस आणि आपला ऊस



गेल्या फेब्रुवारीत आम्ही तिघे सभासद फिलिपाईन्स देशी जाऊन आलो. आधीच सांगून टाकतो, हा दौरा पदरमोड करून केला; कारखान्याचा एक रुपयाही त्यात नाही. त्या देशातली निम्म्याहून अधिक साखर नेग्रोस बेटावर होते. ते बेट एकदा पाहावे, एवढीच हौस. मनिलाहून विमानाने तासाभरात सिलाय या लहानशा शहराजवळ उतरलो. खिडकीतून पाहतो तो काय, चहूकडे ऊसच ऊस! "अहो, हे तर आपलंच शिवार," आमच्यातले अण्णा म्हणाले.

सिलाय समुद्रकाठी वसलेले आहे. गावाच्या एका अंगाला मासळी, दुसऱ्या अंगाला ऊस. उसाला तिथे 'तुबो' म्हणतात. आपल्यासारखाच हिवाळ्यात हंगाम जोरात चालतो. उसाने लादलेले ट्रक धुरळा उडवीत १९१८ साली निघालेल्या जुन्या मिलकडे जात होते, आणि मळीचा वास थेट आपल्या गव्हाणीची आठवण करून देत होता.

सकाळी बाजारात 'पियाया' नावाची पोळी खाल्ली. मैद्याच्या पारीत तांबडी साखर भरायची, वर तीळ लावायचे आणि तव्यावर भाजायची. अण्णांनी एक घास घेतला नि म्हणाले, "ही तर संक्रांतीची गुळपोळी. वर तेवढं तूप घाला!"

गावात जमीनदारांचे मोठमोठे लाकडी वाडे आहेत. त्यांपैकी १८९७ सालचा 'बालाय नेग्रेन्से' हा वाडा १९९० पासून संग्रहालय झाला आहे. एका फ्रेंच बागायतदाराच्या मुलाने तो बांधला. रुंद जिने, गुळगुळीत फळ्यांची जमीन, खोल्यांवर खोल्या. हा पैसा आला कुठून? शेजारच्या बेटावरचे इलोइलो बंदर १८५५ साली परदेशी व्यापाराला खुले झाले आणि नेग्रोसची साखर जगभर जाऊ लागली. जंगल तुटले, ऊस लागला; पण जमीन मात्र मोजक्या घराण्यांच्या हाती गेली. त्या मळ्यांना 'हासिएन्दा' म्हणतात.

एक गोष्ट आपण ध्यानात घेण्याजोगी. तिथे बागायतदाराला उसाचा टनावर दर मिळत नाही, तयार साखरेत वाटा मिळतो. १९५२ च्या कायद्याने तो मिलच्या उत्पादनाप्रमाणे ६० ते ७० टक्के ठरवला. हिशेब ऐकायला गोड आहे. पण वाटा मालकाचा. तोडणाऱ्याच्या हाती फक्त मजुरी.

याचा अर्थ आम्हाला एका म्हाताऱ्या तोडकऱ्याने सांगितला. हंगाम संपला की तिथे 'मेलेला काळ' सुरू होतो, म्हणजे काम नाही, मजुरी नाही. १९७४ साली अमेरिकेची हक्काची बाजारपेठ गेली. पुढे साखरेचा व्यापार सरकारी मक्तेदारीत अडकला, आणि १९८४-८५ साली जागतिक भाव पार कोसळले. पीककर्ज आटले, मळे पडीक टाकले गेले, लाखावर मजूर बेकार झाले. जगातल्या उत्तम काळ्या जमिनीत मुले उपासमारीने गेली. "जमीन समोर होती," म्हातारा म्हणाला, "पण तिथं मका लावायची मुभा नव्हती. जमीन दुसऱ्याची."

१९८८ साली तिथे जमीनसुधारणेचा कायदा झाला. कित्येकांना एक-दोन हेक्टर मिळाले. पण भांडवल नाही, अवजारे नाहीत, मिलमध्ये शब्द नाही. तेव्हा बऱ्याच जणांनी तीच जमीन पुन्हा पैसेवाल्याला खंडाने दिली. अखेर २०१५ च्या कायद्याने लहान शेते जोडून ३० हेक्टरांचे गट करण्यास मदत सुरू झाली. म्हणजे नुसता सातबारा हाती येऊन भागत नाही. कर्ज, पाणी, तोड आणि कारखाना ही साखळीही शेतकऱ्याच्या हाती लागते. १९५०-५१ च्या हंगामात प्रवरानगरला विठ्ठलराव विखे पाटील आणि धनंजयराव गाडगीळ यांनी जे उभे केले, त्याचे मोल आम्हाला सिलायच्या बाजारात कळले.

हे सगळे आम्ही मोठ्या अभिमानाने त्या म्हाताऱ्याला सांगितले. आमचा कारखाना आमच्याच मालकीचा, अध्यक्षही आम्हीच निवडतो, वगैरे. त्याने शांतपणे ऐकून घेतले आणि विचारले, "मग तुमचा ऊस कोण तोडतं? तेही सभासद आहेत का?"

आम्ही एकमेकांकडे पाहू लागलो. त्यांच्याकडे दुसऱ्या बेटांवरून कंत्राटदाराची उचल घेऊन मजूर येतात. आपल्याकडे बीडहून मुकादमाची उचल घेऊन कोयते येतात. फरक काय तो सांगायला अण्णांनाही शब्द सुचेना.

बंधूंनो, म्हाताऱ्याचा प्रश्न आम्ही बरोबर घेऊन आलो आहोत. दिवाळी झाली की टोळ्या येतील, तुमच्या-आमच्या बांधाशेजारी पालं पडतील. तिथे प्यायला पाणी आहे का, रात्री उजेड आहे का, पोरांना साखरशाळा आहे का, हे कारखान्याने पाहावेच; पण ज्याच्या रानात तोड चालू आहे त्यानेही पाहावे. येत्या वार्षिक सभेत उसाच्या दरावर बोलायला आपण सगळेच उभे राहू. त्यातल्या एखाद्याने हाही विषय काढावा. कोणी काढला नाही, तर आम्ही तिघे काढणार आहोत.