केनेथ ग्रिफिथ

केनेथ ग्रिफिथ (जन्म : १२ ऑक्टोबर १९२१, टेन्बी, वेल्स, मृत्यू : २५ जून २००६, लंडन) हे ब्रिटिश अभिनेते आणि राजकीय आशयाच्या दूरचित्रवाणी माहितीपटांचे कर्ते होते. ‘आय ॲम ऑल राइट जॅक’ (१९५९) आणि ‘फोर वेडिंग्ज अँड अ फ्युनरल’ (१९९४) यांसारख्या चित्रपटांत त्यांनी भूमिका केल्या. तथापि त्यांचे वेगळेपण माहितीपटांत आहे.

सादरीकरण

निवेदकाने तटस्थ राहावे, हा संकेत ग्रिफिथ यांनी कधीच मानला नाही. घटना जेथे घडली तेथे उभे राहून ते कॅमेऱ्याकडे पाहत कथा सांगत आणि सांगता सांगता त्यातील पात्रे स्वतःच वठवत. सेनापतीही तेच आणि शिपाईही तेच. कीर्तनकाराच्या आख्यानाशी या पद्धतीचे साम्य मराठी वाचकाला सहज जाणवावे. बोअर युद्धावरील माहितीपटाने १९६७ साली त्यांनी या कामास आरंभ केला. सेसिल ऱ्होड्सवरील १९७१ च्या माहितीपटाच्या शीर्षकात त्यांनी चर्चिल आणि हिटलर ही दोन नावे शेजारी ठेवली, यावरून त्यांचा रोख कळतो.

आयर्लंड आणि बंदी

आयरिश क्रांतिकारक मायकेल कॉलिन्स यांच्या जीवनावर ‘हँग अप युवर ब्रायटेस्ट कलर्स’ हा माहितीपट त्यांनी १९७३ साली ए.टी.व्ही. या कंपनीसाठी पूर्ण केला. त्या वेळी उत्तर आयर्लंड हिंसाचाराने होरपळत होते. ब्रिटिश सत्तेविरुद्ध लढलेल्या नेत्याचा उघड कैवार घेणारा हा माहितीपट कंपनीने दाखवलाच नाही. तो सुमारे दोन दशकांनंतर बी.बी.सी. वेल्सवर प्रसारित झाला. १९१६ च्या ईस्टर उठावातील हयात सहभागींच्या मुलाखतींवर आधारलेल्या ‘क्युरियस जर्नी’ची वाटही अशीच अडवली गेली. वृद्ध साक्षीदारांचे कथन वेळीच टिपले गेले होते, म्हणून या माहितीपटाचे मोल अधिक आहे. पुढे त्या मुलाखतींचे पुस्तकही निघाले.

त्यांची सहानुभूती मात्र नेहमीच निर्विवाद नव्हती. बोअर लोकांविषयीची त्यांची आस्था वर्णभेदाच्या काळात अनेकांना खटकणारी होती. दक्षिण आफ्रिकेची धावपटू झोला बड हिच्यावरही त्यांनी १९८९ साली माहितीपट केला.

भारतविषयक माहितीपट

ग्रिफिथ यांनी रॉबर्ट क्लाइव्ह व जवाहरलाल नेहरू यांच्यावर माहितीपट केले. १९९६ साली ‘द अनटचेबल’ हा डॉ. बाबासाहेब आंबेडकरांवरील माहितीपट आला. एरवी साम्राज्यसत्तेला जाब विचारणाऱ्या ग्रिफिथ यांचा रोख येथे भारतीय समाजाने स्वतःच उभारलेल्या जातिव्यवस्थेकडे होता.