चवीच्या वाटेने चेन्नई

बँकेची नोकरी पत्करली की बदली ही आलीच. सोलापूर आणि नागपूर अशी दोन ठिकाणे करून माझी बदली चेन्नईला झाली, तेव्हा माझ्याबरोबर पत्नी, सात वर्षांची कन्या आणि आई अशी मंडळी होती. वडिलांच्या निधनाला तेव्हा जेमतेम चार महिने झाले होते. सातारा जिल्ह्यातील आमच्या घराला कुलूप लावून आई प्रथमच महाराष्ट्राबाहेर राहावयास आली होती. भाषा अनोळखी, शेजार अनोळखी, हवा दमट. हळूहळू तिची अन्नावरची वासनाच उडाली. अर्धी पोळी, दोन घास भात, की ताट बाजूला सरकवलेले. डॉक्टरांनी सर्व तपासण्या केल्या. दोष काहीच निघाला नाही. "मला गावी सोड," एवढे एकच वाक्य ती अधूनमधून बोलत असे, आणि गावी तर ती एकटीच राहणार होती.

माझी ही चिंता ऐकून शाखेतील एका तमिळ सहकाऱ्याने एक उपाय सुचविला. "चौथ्या शनिवारी सुट्टी आहे. आईंना घेऊन खाद्यपदयात्रेला जा," तो म्हणाला. एडिंबरोसारख्या शहरात जसे पर्यटक मार्गदर्शकासह गल्लोगल्ली हिंडून तेथील खाद्यपेयांची चव घेतात, तसाच उपक्रम चेन्नईतही चालतो, हे मला तेव्हा कळले. २२ ऑगस्ट १६३९ हा या शहराचा स्थापनादिन मानला जातो. तो साजरा करण्याचा उपक्रम २००४ मध्ये सुरू झाला आणि त्यानिमित्ताने अशा वारसा-पदयात्रांना बहर आला. आता त्या वर्षभर होत असतात.

आमची पदयात्रा दोन भागांची होती : शनिवारी सायंकाळी जॉर्ज टाउन आणि रविवारी सकाळी मैलापूर. आईचे वय पाहून मार्गदर्शिका तरुणी जरा साशंक झाली. परंतु आई माळकरी आहे. आळंदी ते पंढरपूर ही वाट तिने अनेकदा पायी तुडविली आहे. "दोन कोसांचं काय घेऊन बसलीस पोरी," असे ती मराठीतच म्हणाली आणि चालू लागली.

आरंभ देवीच्या दारातून

हायकोर्ट मेट्रो स्थानकापासून जवळच तंबू चेट्टी स्ट्रीट आहे. तेथील कालिकांबाळ मंदिरापासून आमची पदयात्रा सुरू झाली. छत्रपती शिवाजी महाराजांनी ३ ऑक्टोबर १६७७ रोजी या देवीचे दर्शन घेतले, अशी नोंद मंदिरात लावलेली आहे. मार्गदर्शिकेने आणखी एक माहिती दिली. दक्षिण दिग्विजयाच्या मोहिमेत असताना, मे १६७७ मध्ये, महाराजांनी येथील सेंट जॉर्ज किल्ल्यातील इंग्रजांकडून काही शक्तिवर्धक औषधे व विषावरील उतारे मागविले होते. कंपनीच्या दप्तरात तशी नोंद आहे. मी हे आईला मराठीत सांगितले. ती हात जोडून क्षणभर उभी राहिली आणि म्हणाली, "एवढ्या लांब आल्यावर पोटाची काळजी महाराजांनाही होतीच की."

पुष्कळ दिवसांनी तिच्या तोंडून घराखेरीज दुसरा विषय निघाला होता.

ब्रह्मदेशाहून आलेले ताट

तेथून समुद्राच्या बाजूला वळले की सेकंड लाइन बीच हा रस्ता लागतो. संध्याकाळी येथे हातगाड्या उभ्या राहतात आणि त्यांवर 'अथो' नावाचा पदार्थ मिळतो. उकडलेल्या जाड शेवया, कोबी, कांदा, चिंचेचे पाणी, लसणाचे तेल, तिखट आणि 'बेजो' नावाची कुरकुरीत तळलेली चकती हे सर्व गाडीवाला हातानेच कालवतो. सोबतीला केळीच्या कालाचे गरम सार मिळते.

हा पदार्थ मुळात ब्रह्मदेशाचा, म्हणजे आजच्या म्यानमारचा. इंग्रजी अमदानीत तमिळ कुटुंबे व्यापारासाठी, सावकारीसाठी व मजुरीसाठी मोठ्या संख्येने तिकडे गेली होती. १९६२ मध्ये तेथे लष्करी राजवट आली, पुढे व्यापाराचे व बँकांचेही राष्ट्रीयीकरण झाले आणि या कुटुंबांना पिढ्यान्‌पिढ्यांचा संसार सोडून परतावे लागले. त्यांच्यासाठी १९६९ मध्ये जवळच 'बर्मा बाजार' वसविण्यात आला. संपत्ती तिकडेच राहिली. जिभेवरची चव मात्र बरोबर आली आणि तिनेच अनेकांची चूल पेटती ठेवली.

आईने अथो दोनच घास खाल्ला. ते सार मात्र तिने वाटी संपेपर्यंत प्यायले. गाडीवाल्याकडे पाहत ती म्हणाली, "म्हणजे हेसुद्धा घराला कुलूप लावूनच आले म्हणायचे." मी काही बोललो नाही. गाडीवर क्यूआर कोडचा फलक टांगलेला होता; पैसे देण्याच्या निमित्ताने मी तिकडे वळलो.

सावकारांची पेठ

एनएससी बोस रोडने पश्चिमेकडे गेल्यावर मिंट स्ट्रीट लागतो. कंपनीच्या टांकसाळीवरून हे नाव पडले. तमिळमध्ये त्याला 'तंगसालै' म्हणतात आणि आपल्या 'टांकसाळ' या शब्दाशी असलेले त्याचे साम्य लगेच कानात भरते. भोवतालच्या वस्तीचे नाव 'सौकारपेट', म्हणजे सावकारांची पेठ! गुजरात व राजस्थानातून आलेल्या सावकारांनी व व्यापाऱ्यांनी ती गजबजून टाकली. माझ्यासारख्या बँक अधिकाऱ्याला ही पेठ म्हणजे व्यवसायाचे कुलदैवतच वाटावे.

येथे आम्ही 'मुरुक्कू सँडविच' खाल्ले. पावाऐवजी दोन बाजूंना तमिळ मुरुक्कू, म्हणजे आपल्या चकलीचे भावंड, आणि मध्ये काकडी, टोमॅटो व हिरवी चटणी. चटणी पश्चिमेची, चकली दक्षिणेची. शेजारी कसे राहावे याचा हा तळहातावर मावणारा नमुना. 'काकडा रामप्रसाद' या दुकानात गरम जिलबी आणि आटीव बदामदूध घेतले. शेवटी 'सीना भाई' यांच्या छोट्याशा दुकानासमोर रांगेत उभे राहून तुपात निथळणारा उत्तप्पा मिळविला. तव्यावरील तूप पाहून आमच्या कन्येने डोळे विस्फारले. आईने तिच्या पानातील एक तुकडा मोडून तोंडात टाकला. कोणीही आग्रह केलेला नसताना!

मैलापूरची सकाळ

दुसऱ्या दिवशी सकाळी सात वाजता कपालीश्वर मंदिराच्या गोपुराखाली सर्व जण पुन्हा जमलो. रविवारची सकाळ, मोगऱ्याच्या वेण्या, दारोदारी तांदळाच्या पिठाचे कोलम. प्रथम अरुंडेल स्ट्रीटवरील 'रायर्स कॅफे'. गल्लीतील ही जागा इतकी लहान की आत जाण्यासाठी बाहेर थांबावेच लागते. मऊसूत इडली, पोंगल आणि 'गेट्टी चटणी', म्हणजे घट्ट वाटलेली नारळाची चटणी, ही येथील ख्याती.

त्यानंतर कॉफी. पितळी गाळणीच्या वरच्या भांड्यात कॉफीची पूड दाबून बसवितात व त्यावर उकळते पाणी ओततात. खालच्या भांड्यात थेंबथेंब अर्क उतरतो. त्यात गरम दूध आणि साखर घालून ती पेल्यातून 'डवरा' या पसरट वाटीत व वाटीतून पुन्हा पेल्यात उंचावरून ओतायची. त्याने ती निवते आणि फेसाळतेही. येथे प्रसिद्ध असलेल्या 'डिग्री कॉफी'चे एक प्रचलित स्पष्टीकरण असे, की दुधाचा कस मापकावरील अंशांवरून, म्हणजे 'डिग्री'वरून ठरत असे.

आज तमिळ घराचे दुसरे नाव ठरावे अशी ही कॉफी, पण विसाव्या शतकाच्या प्रारंभी तीही उपरीच होती. तिने पाण्यात मुरलेल्या शिळ्या भाताची न्याहारी मागे सारली, म्हणून जुनी मंडळी तिला दूषणे देत. त्या काळच्या अनेक कॉफी हॉटेलांत जातीनुसार बसण्याच्या जागाही वेगळ्या असत. तो भेद संपविण्यासाठी लोकांना झगडावे लागले. आज एकाच बाकावर बसून आपण कॉफी पितो, त्यामागे हाही इतिहास आहे, याचे स्मरण ठेवलेले बरे.

डांगराची ओळख

आमच्या गटात सत्तरीच्या एक आजी होत्या. कॉफी पिताना आमचे बोलणे ऐकून त्या एकदम मराठीत बोलू लागल्या. ती मराठी जुन्या वळणाची होती आणि तिचा हेल तमिळ होता. त्या तंजावरकडच्या मराठी. व्यंकोजीराजांनी १६७५-७६ च्या सुमारास तंजावरला राज्य स्थापिले आणि ते १८५५ पर्यंत टिकले. त्या काळात दक्षिणेत गेलेल्या कुटुंबांचे वंशज आज चेन्नईतही राहतात. त्रावणकोर, इंदूर व बडोदा या संस्थानांचे दिवाण राजा सर टी. माधवराव याच समाजातले. समाजातील मुलांच्या शिक्षणासाठी 'महारट्टा एज्युकेशन फंड' ही संस्था मद्रासमध्ये १९१२ साली स्थापन झाली.

साहजिकच सांबाराचा विषय निघाला. तंजावरच्या मराठी मुदपाकखान्यात एके दिवशी आमसुले संपली, म्हणून आमटीत चिंच घातली गेली आणि पाहुणे आलेल्या संभाजीराजांच्या नावावरून तिला 'सांबार' म्हटले गेले, ही कथा आपण सर्वांनी ऐकली आहे. तिला समकालीन लेखी पुरावा नाही. ती लोककथा म्हणूनच ऐकावी. मात्र तंजावरच्या सरस्वती महाल ग्रंथालयाने प्रसिद्ध केलेले 'सरभेंद्र पाकशास्त्र' हे तेथील राजघराण्याच्या पाकशास्त्राची साक्ष देते.

आजींनी त्याहून साधा पुरावा दिला. "आमच्याकडे डांगर पच्चडी करतात," त्या म्हणाल्या, "तमिळ शेजारीसुद्धा करतात. त्यांना ठाऊकही नसतं हा शब्द मराठी आहे ते."

आई चमकली. "डांगर? उडदाच्या पिठाचं?"

"होय. दह्यात कालवायचं, वरून हिंग-मोहरीची फोडणी."

"मी त्यात कांदा घालते," आई म्हणाली. मग दोघींचे जे सुरू झाले, त्यात माझी गरज उरली नाही. आपली पोळी येथे 'पोळि' या नावाने विकली जाते, हे आईला समजले. आपल्याकडे मुलगी पाहण्याच्या कार्यक्रमात कांदेपोहे असतात, तसे येथे 'सोज्जी-बज्जी', म्हणजे शिरा आणि भजी असतात, हे ऐकून ती मोठ्याने हसली. वडील गेल्यापासून ते हसू आम्ही ऐकले नव्हते. माझी पत्नी आणि मी एकमेकांकडे पाहिले आणि कॉफीचे पेले पुन्हा तोंडाला लावले.

पदयात्रेचा समारोप मंदिराजवळील 'काळती' या वर्तमानपत्रांच्या दुकानात, थंडगार रोझ मिल्कच्या पेल्याने झाला.

जाता जाता

वाचकहो, आपणही चेन्नईस आलात तर अशी पदयात्रा अवश्य करावी. सकाळी किंवा सायंकाळी जावे. दुपारच्या उन्हाच्या वाटेस जाऊ नये. एका पदार्थात दोघांनी वाटून घेतले तर शेवटपर्यंत भूक टिकते. शाकाहाराची किंवा पथ्याची बाब मार्गदर्शकास आधीच सांगून ठेवावी. बहुतेक ठिकाणी यूपीआय चालते, तरी थोडे सुटे पैसे जवळ असावेत.

आम्हा बँकवाल्यांना खातेवहीची सवय असते. या दोन दिवसांत मला वाटले, की शहराचीही एक खातेवही असते आणि ती त्याच्या चुलींवर लिहिलेली असते. गुजरातचा सावकार, ब्रह्मदेशाहून परतलेला तमिळ, तंजावरचा मराठी, १९३८ मध्ये 'वुडलँड्स' काढणारे उडुपीकडचे के. कृष्णराव : जो जो आला, त्याने रित्या हाताने येऊनही काही जमा केले. नव्याने येणाऱ्याचे खाते येथे नेहमीच उघडते. अट एवढीच, की त्याने चार घास घ्यावेत आणि चार घास द्यावेत.

आईने गावी परतण्याचा विचार पूर्णपणे सोडला आहे, असे मी म्हणणार नाही. दिवाळीचे तिकीट काढलेलेच आहे. पण त्या रविवारी सायंकाळी ती आपणहून स्वयंपाकघरात गेली. थोड्या वेळाने तिची हाक आली, "अरे, आमसुलं संपलीत. चिंच आहे का घरात?"

चिंच होती. त्या रात्री आईने आमटी-भात दोनदा मागून घेतला. ताटात डाव्या बाजूला डांगर होते, आणि एक डबा भरून शेजारच्या तमिळ कुटुंबाकडे गेला होता.