खाटिकखान्यातला स्टॅन
चार्ल्स बर्नेट या कृष्णवर्णीय अमेरिकन दिग्दर्शकाने ‘किलर ऑफ शीप’ हा चित्रपट विद्यापीठाच्या पदवीसाठी, १०,००० डॉलरहूनही कमी खर्चात, सुट्टीच्या दिवशी चित्रण करीत १९७७ मध्ये पुरा केला. लॉस एंजेलिसमधील वॉट्स म्हटले की १९६५ ची दंगल आठवते. येथे तिचा मागमूस नाही. त्या वस्तीत राहणारा स्टॅन खाटिकखान्यात राबतो, आणि रात्री त्याला झोप येत नाही. बायको त्याच्याबरोबर रेकॉर्डच्या सुरावर संथपणे नाचते. गाणे संपताच तो तिला तशीच सोडून निघून जातो. बस्स, एवढेच! पण दारिद्र्य नवरा-बायकोमध्ये कसे येऊन उभे राहते, हे पाहणाऱ्याला पुरते कळते. दैवदुर्विलास असा, की ज्या गाण्यांनी चित्रपटात प्राण ओतला, त्यांचेच हक्क घेतलेले नव्हते; म्हणून तो चित्रपटगृहांत रीतसर लागला थेट २००७ साली.