आगगाडी पूल केव्हा ओलांडते?

मराठीच्या प्राध्यापकाने गणितात नाक खुपसावे हे आमच्या गणितवाल्या सहकाऱ्यांना रुचणार नाही. पण अंतर, वेग आणि वेळ यांची उदाहरणे आधी मराठीची असतात आणि मग गणिताची, हे माझे मत मी काही सोडणार नाही!

'ताशी' हा शब्दच पाहा ना. मोटार ताशी ४८ किलोमीटर जाते, म्हणजे एका तासात ४८. भागाकार आधीच होऊन शब्दात जाऊन बसला आहे. मग मिनिटाला ८०० मीटर, आणि २५ मिनिटांत २० किलोमीटर. शाळेत याला एकमान पद्धत म्हणतात. अडीच किलो वांगी शंभराला, तर पाऊण किलोचे तीस, हे भाजीवाली तराजू खाली ठेवायच्या आत सांगते, तेही हेच. भास्कराचार्यांनी ११५० च्या सुमारास 'लीलावती'त सांगितलेले त्रैराशिक याच घराण्यातले.

'सरासरी' हा शब्द मात्र लबाड. १२० किलोमीटरवरच्या गावी ताशी ४० ने गेलो, ताशी ६० ने परतलो; सरासरी वेग किती? आमच्या प्राध्यापक-कक्षात दोघा विद्वानांनी तत्काळ '५०' म्हणून सांगितले. (नावे सांगत नाही, चहा त्यांच्याकडूनच मिळतो.) जायला तीन तास, यायला दोन. २४० किलोमीटरना पाच तास, म्हणजे ताशी ४८. सावकाश गेलेला माणूस रस्त्यावर जास्त वेळ असतो, एवढेच.

परवा शेजारची मुलगी वही घेऊन आली, अगदी रडवेली. शिष्यवृत्तीची परीक्षा आठवड्यावर. १२० मीटर लांबीची आगगाडी ताशी ५४ किलोमीटर वेगाने १८० मीटरचा पूल किती वेळात ओलांडेल? सेकंदाला १५ मीटर, हे तिने बिनचूक काढले होते. "काका, तीनदा केलं, बाराच सेकंद येतात! उत्तर वीस दिलंय." क्लासात तिला एक त्रिकोण पाठ करून दिला होता: वर अंतर, खाली वेग नि वेळ, हवे ते बोटाने झाकायचे. त्रिकोण खोटा नाही. पण कोणते अंतर, हे तो बापडा कसे सांगणार?

मी विचारले, "उंबरठा ओलांडला असं केव्हा म्हणशील? एक पाय आत पडला की?"

"छे! दोन्ही पाय."

"मग गाडीचा मागचा पाय कोणता?"

ती क्षणभर माझ्याकडे पाहतच राहिली. "गार्डाचा डबा!" आणि १८० त १२० मिळवून, १५ ने भागून तिने वीस लिहिलेसुद्धा. पुढचे, खांब ओलांडायचे, न विचारता केले: नुसती गाडीचीच लांबी, आठ सेकंद.

वही मिटता मिटता ती म्हणाली, "काका, दोन गाड्या समोरासमोरून आल्या, तर कोण कोणाला ओलांडते?"

"तूच सांग," मी म्हणालो. तिने वही पुन्हा उघडली.