बॅटन हाती घेणाऱ्या मुली

खाशाबा जाधवांची गोष्ट आपल्याकडे शाळकरी पोरालाही ठाऊक आहे. १९५२ च्या हेलसिंकी ऑलिंपिकला जायला पैसे नव्हते. तेव्हा कोल्हापूरच्या राजाराम कॉलेजच्या प्राचार्यांनी आपले घर गहाण टाकून सात हजार रुपये उभे केले आणि खाशाबांनी कुस्तीत कांस्यपदक आणले. त्याच ऑलिंपिकला मुंबईहून एक तरुणीही गेली होती. तिचे नाव मात्र माझ्या वर्गात आजवर एकाही विद्यार्थिनीला सांगता आलेले नाही.

तिचे नाव मेरी डिसूझा. जन्म १९३१ चा, मुंबईच्या वांद्रे भागातला. १९५१ साली दिल्लीत पहिले आशियाई खेळ भरले. त्यात मेरीने २०० मीटरमध्ये कांस्य आणि ४ बाय १०० मीटर रिलेत रौप्यपदक मिळवले. पुढल्या वर्षी ऑलिंपिकसाठी निवड झाली आणि तिथेही पैशाचाच प्रश्न आला. तेव्हा वांद्र्यातल्या मित्रमंडळींनी नाचगाण्याचा आणि पत्त्यांच्या डावांचा कार्यक्रम ठेवून तिच्यासाठी निधी गोळा केला. हेलसिंकीला भारताच्या चारच मुली होत्या. नीलिमा घोष आणि मेरी धावायला, डॉली नाझिर आणि आरती साहा पोहायला. मेरी १०० आणि २०० मीटर धावली. प्राथमिक फेरीच्या पुढे ती गेली नाही, पण मागून येणाऱ्या मुलींसाठी वाट मोकळी झाली.

आणि ती थांबलीही नाही. १९५४ च्या मनिला आशियाई खेळांत क्रिस्टिन ब्राऊन, स्टेफी डिसूझा, व्हायोलेट पीटर्स आणि मेरी या चौघींनी रिलेचे सुवर्णपदक जिंकले. शिवाय मेरी भारताच्या हॉकी संघातूनही खेळली. सरकारचा ध्यानचंद पुरस्कार तिला मिळाला तो २०१३ साली, वयाच्या ब्याऐंशीव्या वर्षी! स्टेफीला १९६३ चा अर्जुन पुरस्कार मिळाला आणि १९६४ च्या टोकियो ऑलिंपिकमध्ये ती ४०० मीटर धावली.

रिलेत एकटीच्या वेगाने भागत नाही. आखून दिलेल्या पट्ट्यातच बॅटन पुढचीच्या हाती जावी लागते. पट्टा ओलांडला की संघ बाद. पुढची मुलगी वेळेवर हात मागे करून तयार असावी लागते, आणि तिने मागचीवर विश्वास ठेवावा लागतो.

पांढुर्णा-सौंसर भागात शिकवताना मला हे वारंवार आठवते. पहिल्या वर्षाला खेड्यांतून येणाऱ्या मुली क्रीडादिनी वाऱ्यासारख्या पळतात. शेतात राबून पाय काटक झालेले असतात. तिसऱ्या वर्षाला विचारावे तर, "मॅडम, घरचे नाही म्हणतात," किंवा, "लग्न ठरलं." पायांत बळ कमी नसते, मागे उभे राहणारे कमी पडतात.

खाशाबांच्या मागे त्यांचे प्राचार्य उभे राहिले, मेरीच्या मागे तिचा मोहल्ला. आपल्या मुलींना घर गहाण टाकणारे कोणी नको. बापाने पहाटे सायकलवर मैदानापर्यंत सोडावे, आईने सकाळच्या कामातून तासभर मोकळीक द्यावी, भावाने हसू नये, एवढे पुरे. मेरीच्या पिढीने बॅटन आपल्या दारापर्यंत आणून ठेवली आहे. आपली मुलगी हात पुढे करते आहे. तिचा हात आपण तरी धरू नये.