स्टीमच्या पलीकडचे खेळ

संगणकावरचा गेम घ्यायचा म्हटले की बहुतेकांची पावले स्टीमकडेच वळतात. २००३ साली सुरू झालेले हे दुकान आज इतके अवाढव्य आहे की त्यात छोटा, वेगळ्या वाटेचा खेळ सहज हरवून जातो.

असे खेळ शोधायचे तर पहिला पत्ता इच डॉट आयओ. २०१३ पासून चालणाऱ्या या ठिकाणी विक्रीतला किती वाटा दुकानाला द्यायचा, हे निर्माताच ठरवतो. अगदी शून्यही चालतो. स्टीमचा नेहमीचा वाटा मात्र ३० टक्के. त्यामुळे नवखे लोक इथे बेधडक प्रयोग करतात, आणि त्यातले कितीतरी खेळ फुकट असतात. २०१८ मध्ये गाजलेल्या ‘सेलेस्ट’चे मूळ रूप दोघांनी अवघ्या चार दिवसांत केले होते. ते आजही इथे मोफत खेळता येते. मोठ्या कलाकृतीचे असे कच्चे रूप पाहण्यात वेगळाच आनंद आहे.

जुन्या खेळांची ओढ असणाऱ्यांसाठी पोलंडच्या सीडी प्रोजेक्टने २००८ मध्ये सुरू केलेले जीओजी उत्तम. इथल्या खेळांना कुलूप नसते. इन्स्टॉलर एकदा उतरवून स्वतःच्या डिस्कवर ठेवला की इंटरनेट नसतानाही गेम चालतो.

आणि निर्मात्यांची स्वतःची संकेतस्थळे? ‘ड्वार्फ फोर्ट्रेस’ २००६ पासून तिथेच मोफत मिळतो. स्टीमवर तो २०२२ च्या डिसेंबरात आला. सोळा वर्षे त्याचे चाहते तिथूनच तो उतरवून घेत होते.